फ्रेंच क्लासिक्स वाचताना आकड्यांपाशी थांबा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. फ्रेंचची बी 1, म्हणजे मधली, पातळी झालीय, हौसेने ह्यूगोचं 'ले मिझेराब्ल' इंग्रजीतून घेतलं आणि वॉटर्लूच्या लढाईपाशी सोडून दिलं. मग फ्लोबेरचं 'मादाम बोव्हारी' घेतलं तर शंभर पानं होऊनही काही घडेना. म्हणून तुम्ही विचारताय की लोक ही पुस्तकं दीडशे-दोनशे वर्षं नेमकी कशासाठी वाचतात, मूळ फ्रेंचमधूनच वाचली पाहिजेत का, आणि आपल्यात काही कमी आहे का.

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, नाही. मी गेली बावीस वर्षं पुण्यात फ्रेंच शिकवतेय आणि बी 1 झाल्यावर मोठी कादंबरी हातात घेऊन अर्ध्यावर सोडणारे विद्यार्थी मला दर बॅचला भेटतात. त्यातले बरेचसे उत्तम वाचक असतात, मराठीत भरपूर वाचलेलं असतं. अडचण बुद्धीची नसते आणि बहुतेक वेळा भाषेचीही नसते, कारण भाषांतर वाचतानाही ते अडकतात. अडचण ही असते की आपण ही पुस्तकं 'थोर' म्हणून उघडतो, म्हणजे त्यात उदात्त काहीतरी शोधत बसतो, प्रेम, क्रांती, माणुसकी वगैरे, आणि पुस्तक मात्र भाडं, उधारी, हुंड्याची रक्कम, मोलकरणीचा पगार असलं काहीतरी सांगत असतं, तर आपल्याला वाटतं हे सगळं फालतू वर्णन आहे, खरी गोष्ट पुढे येईल. माझ्या मते खरी गोष्ट तीच असते.

आता हे सगळ्या फ्रेंच साहित्याला लागू होत नाही हे कबूल करते. रासीनची नाटकं, बोदलेरच्या कविता, प्रूस्त, यांना वेगळ्या वाटेने जावं लागतं. 1678 ची 'ला प्रँसेस द क्लेव्ह' ही छोटी कादंबरी तर सगळी मनाच्या आतच घडते, आणि तिच्यावरचं लोकांचं प्रेम असं की 2006 मध्ये सार्कोझींनी (पुढे ते फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष झाले) सरकारी परीक्षेत या पुस्तकावर प्रश्न विचारण्याची जाहीर टर उडवली तर पुढे 2009 च्या आंदोलनात लोकांनी पॅरिसमध्ये रस्त्यावर उभं राहून तिचं आळीपाळीने जाहीर वाचन केलं. पण तुम्ही ज्या दोन पुस्तकांवर अडकलात ती एकोणिसाव्या शतकातली आहेत, आणि त्या शतकापुरतं मी खात्रीने सांगू शकते की आकड्यांपाशी थांबा.

याला कारण आहे. राज्यक्रांतीनंतर जन्मावर सगळं ठरणं कमी झालं, माणूस कोण हे त्याच्या उत्पन्नावर ठरायला लागलं. आणि फ्रँक हे चलन 1803 पासून थेट 1914 पर्यंत जवळपास तसंच टिकलं, त्याचं सोन्यातलं मोल बदललंच नाही. म्हणजे लेखकाने वर्षाला 1,200 फ्रँक असं लिहिलं की वाचकाला लगेच कळायचं हा माणूस कुठल्या मजल्यावर राहतो, जेवायला काय खातो आणि त्याच्या मुलीला कसलं स्थळ येईल. आजच्या लेखकाला तसं करता येत नाही, आज लिहिलेला आकडा दहा वर्षांत शिळा होतो. त्या लेखकांना आकड्यातून सगळं सांगता यायचं आणि त्यांनी ते सांगितलं.

बाल्झाकचं 'ल पेर गोरियो' बघा, 1835 चं. म्हातारा गोरियो शेवया बनवायच्या धंद्यात श्रीमंत झालेला, दोन मुलींना मोठ्या घरात दिलेलं, आणि आता तो एका कळकट खानावळीवजा लॉजमध्ये राहतोय. सुरुवातीला तो वर्षाला 1,200 फ्रँक देऊन चांगल्या खोलीत राहतो. मग वरच्या मजल्यावर, 900 फ्रँक. मग आणखी वर, महिन्याला 45 फ्रँक. बाल्झाक आपल्याला लगेच सांगत नाही की मुली बापाला पिळून काढतायत. तो फक्त म्हाताऱ्याला एकेक मजला वर चढवतो आणि भाडं एकेक पायरी खाली उतरवतो, लॉजमधले लोक काय वाट्टेल ते तर्क लढवतात आणि आपल्याला कळायला लागतं तेव्हा पोटात कालवतं. शेवटी त्याच्या अंत्यविधीला मुली येत नाहीत, त्यांच्या रिकाम्या गाड्या येतात, आणि थडगं खणणाऱ्यांना बक्षिशी द्यायला त्याच लॉजमध्ये राहणाऱ्या तरुण रास्तिन्याकच्या खिशात काही नसतं तर तो लॉजच्या नोकराकडून 20 सू उसने घेतो (20 सू म्हणजे 1 फ्रँक). मला वाटतं 'मुली कृतघ्न होत्या' असं पानभर लिहून जे झालं नसतं ते त्या 20 सूंनी होतं. बाल्झाकला हे लिहायला कल्पनाशक्ती फार ताणावी लागली नसणार, छापखान्याच्या धंद्यात तो तरुणपणीच बुडाला होता आणि पॅरिसजवळच्या पासीतल्या घरात सावकारांना चुकवायला खोट्या नावाने राहायचा.

आता तुमची 'मादाम बोव्हारी'. काही घडत नाही असं वाटतं कारण आपण एमाच्या, म्हणजे मादाम बोव्हारीच्या, प्रेमप्रकरणांची वाट बघतो. मी स्वतः बाविसाव्या वर्षी परीक्षेसाठी वाचली तेव्हा माझंही तेच झालं, एमा मूर्ख वाटली आणि पुस्तक मिटलं. चाळिशीत, घराचे हप्ते चालू असताना परत वाचली तेव्हा मला पहिल्यांदा लेर दिसला. लेर म्हणजे गावातला कापडवाला. तो कधी पैसे मागत नाही. शाल दाखवतो, पडद्याचं कापड दाखवतो, राहू द्या हो, नंतर बघू म्हणतो, मग एक कागद पुढे करतो, फक्त सही. मग त्या कागदाच्या बदल्यात दुसरा कागद, त्यात व्याज मिळवलेलं. फ्लोबेरने हे इतकं शांतपणे पेरलंय की आपण प्रेमपत्रांच्या नादात ते ओलांडून जातो, एमाही तेच करते, आणि एक दिवस कोर्टाचा कागद येतो, चोवीस तासांत 8,000 फ्रँक भरा. कादंबरीचा शेवटचा भाग म्हणजे एक बाई गावभर पैसे मागत दारोदार फिरते एवढाच आहे. ज्याच्यासाठी जीव टाकला त्या रोदोल्फकडे ती 3,000 मागते आणि तो म्हणतो माझ्याकडे नाहीत. प्रेमाची सगळी फोड त्या एका वाक्यात होते. फोनवर तीन क्लिकमध्ये कर्ज मिळणाऱ्या पिढीला हे पुस्तक जुनं कसं वाटेल मला कळत नाही.

याच पुस्तकातला एक प्रसंग मी दर बॅचला वाचून दाखवते, तो जरा सविस्तर सांगते. गावात शेतकी प्रदर्शन भरलंय. खाली चौकात भाषणं, गुरं, गर्दी. वर नगरपालिकेच्या रिकाम्या सभागृहात खिडकीजवळ स्टुलांवर रोदोल्फ आणि एमा बसलेत, आणि तो तिला पटवतोय. फ्लोबेर एक वाक्य वरचं देतो, एक खालचं. वर रोदोल्फ म्हणतो शंभरदा निघून जावंसं वाटलं पण तुमच्या मागे आलो, थांबलो. खालून आवाज येतो, 'शेणखत!', म्हणजे शेणखताचं बक्षीस जाहीर होतं. लेखक स्वतः एक शब्द बोलत नाही. वर्गात इथे हसू फुटतं, आणि मग मी त्यांना पुढे वाचायला लावते. डुकरांच्या बक्षिसाला 60 फ्रँक. आणि थोड्या वेळाने एका म्हाताऱ्या मोलकरणीचं नाव पुकारलं जातं, एकाच शेतावर 54 वर्षं नोकरी केल्याबद्दल चांदीचं पदक, किंमत 25 फ्रँक. ती येतच नाही, घाबरलेली असते, झेंडे आणि ढोल बघून बावरलेली. मग फ्लोबेर तिच्या हातांकडे बघतो. कोठारातली धूळ, धुण्याचा खार आणि लोकरीचा ओशटपणा यांनी ते हात असे राठ झालेत की स्वच्छ पाण्याने धुऊनही मळके दिसतात, आणि राबून राबून ते अर्धवट उघडेच राहिलेत. पदक बघून ती म्हणते हे मी आमच्या पाद्रीबाबांना देईन, माझ्यासाठी प्रार्थना म्हणायला.

60 आणि 25. फ्लोबेर हे दोन आकडे शेजारी ठेवून तुलना करत नाही, मध्ये ओळी जाऊ देतो. तुलना वाचकाने करायची. एका बॅचमध्ये एक निवृत्त बँक अधिकारी होते, त्यांनी पेन्सिलने दोन्हीखाली रेघ मारली आणि उरलेला तास कुणाशी बोलले नाहीत. ही पुस्तकं का टिकली याचं माझ्याकडचं उत्तर हेच आहे, ती निकाल देत नाहीत, हिशोब मांडतात आणि वही आपल्या हातात देतात, आणि प्रत्येक पिढी आपला निकाल आपण काढते.

निकाल न देण्याची तेव्हा किंमतही मोजावी लागली. 1857 च्या सुरुवातीला या कादंबरीवर नीतिमत्तेला बाधा आणल्याचा खटला झाला. सरकारी वकील पिनार यांचा मुख्य आक्षेप असा होता की पुस्तकात एमाला चूक म्हणणारं कुणीच नाही. फ्लोबेर 7 फेब्रुवारीला सुटला. त्याच वर्षी त्याच वकिलांनी बोदलेरवर खटला चालवला, त्याला दंड झाला आणि सहा कविता काढायला लागल्या, तो निकाल रद्द व्हायला 1949 उजाडलं.

मूळ फ्रेंच की भाषांतर, हे तुम्हाला कशासाठी वाचायचंय त्यावर आहे. गोष्ट आणि माणसं हवी असतील तर बाल्झाक, ह्यूगो, झोला भाषांतरातही भरपूर देतात, त्यांची ताकद रचनेत आणि तपशिलात आहे. फ्लोबेरचं मात्र बरंच सांडतं. तो क्रोआसेच्या घरात पाच वर्षं हे पुस्तक लिहीत होता, वाक्य मोठ्याने ओरडून म्हणून बघायचा, कानाला खटकलं की बदलायचा. शिवाय त्याचं बरंचसं काम क्रियापदाच्या एका भूतकाळावर चालतं, ज्याला आपण क्लासमध्ये अँपार्फे म्हणून शिकतो. इंग्रजीत त्यासाठी सरळ सोय नाही. मराठीत मात्र आहे हो! 'ती खिडकीत बसायची, रस्त्याकडे बघायची, कुणी यायचं नाही', हा आपला यायचा-बसायचा-बघायचा भूतकाळ त्या अँपार्फेच्या खूप जवळ जातो, तोच कंटाळा, तेच रोज रोजचं. म्हणून मी मराठी विद्यार्थ्यांना सांगते की फ्लोबेरचा उतारा मनात इंग्रजी करून वाचू नका, थेट मराठीत आणा. मुलांचे चेहरे बदलतात तेव्हा. आणि एमाच्या मनातलं वाक्य 'तिला वाटलं' न लावता सरळ येतं तेही आपल्याला बोलण्यातून सवयीचं आहे, 'आता काय, गेलं सगळं, कोण येणार होतं या गावात', हे कोण बोललं, लेखक की ती, ते सांगावं लागत नाही. पिनार नेमके यावरच अडखळले, एमाच्या मनातली वाक्यं त्यांनी लेखकाची म्हणून वाचली.

तसं तर तुम्ही फ्रेंच क्लासिक आधीच बघितलेलं असेल. देवलांचं 'संशयकल्लोळ' बघितलंय ना? ते मर्फीच्या इंग्रजी नाटकावरून आलं आणि मर्फीने ते मोलिएरच्या 1660 च्या 'स्गानारेल'वरून घेतलं होतं. हरवलेली तसबीर भलत्याच्या हातात पडते आणि संशयाचा घोळ सुरू होतो, ते मूळचं तिथलं. फाल्गुनराव कुणाला परका वाटत नाही, यावरून काय ते समजा.

आता सुरुवात कुठून. तुमच्या पातळीला माझं उत्तर मोपासांची 'ला पारुर', म्हणजे हाराची गोष्ट, 1884 ची. शाळेत इंग्रजीच्या पुस्तकात बऱ्याच जणांनी वाचलेली असते आणि 'गर्वाचं घर खाली' एवढंच लक्षात राहिलेलं असतं. परत वाचा आणि यावेळी वहीत रकमा लिहा. नवऱ्याने बंदुकीसाठी साठवलेले 400 फ्रँक ड्रेसला जातात. हार हरवतो. तसाच नवा हार 40,000 चा, घासाघीस करून 36,000. बापाने ठेवलेले 18,000 असतात, बाकीचे एकाकडून 1,000, दुसऱ्याकडून 500, इकडून तिकडून थोडे थोडे, सावकारांकडून. मग दहा वर्षं. या दहा वर्षांत तिला काय वाटलं ते मोपासां फारसं सांगतच नाही, ती काय करते ते सांगतो, मोलकरीण काढून टाकली, माळ्यावरच्या खोलीत राहायला गेले, ओशट भांडी घासून गुलाबी नखं झिजली, रोज पाणी वर चढवताना प्रत्येक मजल्यावर दम खायला थांबायची, बाजारात एकेका सूसाठी भांडायची. आणि शेवटच्या ओळीत एकच आकडा येतो, 500. ज्यांनी वहीत रकमा लिहिल्यात त्यांना तो आकडा वेगळाच लागतो, आपोआप भागाकार होतो डोक्यात.

भाषेच्या बाजूने एकच अडथळा येईल, पासे सँप्ल, म्हणजे लिखाणातला भूतकाळ. तो बोलण्यात येत नाही म्हणून बऱ्याच क्लासेसमध्ये बी 1 पर्यंत नीट शिकवत नाहीत आणि मग मुलं कुठलंही क्लासिक उघडून पहिल्याच पानावर घाबरतात. तो स्वतः वापरायला शिकायची गरज नाही, ओळखता आला की बास, आणि तेही मुख्यतः तो/ती/ते ची रूपं. फ्यु, यु, फी, व्हँ ही चार (होणे, असणे, करणे, येणे) एका चिठ्ठीवर लिहून पुस्तकात ठेवा, अर्धं काम तिथेच होतं. त्याचाही कंटाळा असेल तर काम्यूचं 'लेत्रांजे' घ्या, 1942 चं, ते मुद्दाम बोलण्यातल्या भूतकाळात लिहिलंय, वाक्यं छोटी, बी 1 वर जमतं. फक्त सोपं म्हणून भराभर वाचू नका. आईच्या शवपेटीजवळ त्याने दूध घातलेली कॉफी घेतली आणि सिगरेट ओढली, हे सुरुवातीला सहज येऊन जातं आणि पुढे कोर्टात तेच त्याच्या गळ्याशी येतं.

किती वाचायचं? एका वेळी वीस ओळी. थट्टा नाही करत. फ्रान्समध्ये बारावीच्या आदल्या वर्षी मुलांची फ्रेंचची तोंडी परीक्षा असते त्यात छोट्याशा उताऱ्यावर ओळीगणिक बोलावं लागतं, हा शब्द इथे का, हे वाक्य तुटलं का, लेखक इथे गप्प का. त्यांना ती सवय शाळेपासून असते आणि आपल्याला चारशे पानं संपवायची सवय असते. मी आठवड्यातून एक संध्याकाळ वीस ओळी आणि बाकीच्या दिवसांत भाषांतरातून पुढे, असं करायला सांगते, माझ्या अनुभवात ज्यांनी हे सहा महिने केलं ते परत सोडून गेले नाहीत. प्रूस्तला सध्या हात लावू नका. झोलाचं 'जेर्मिनाल' (1885) मात्र यादीत ठेवा, ते लिहायच्या आधी तो संप चालू असताना आँझँच्या खाणीत उतरला होता आणि ते पानापानात दिसतं, खाणीतल्या आंधारात वर्षानुवर्षं राबणाऱ्या बाताय नावाच्या घोड्याचा भाग आला की मला अजून थांबावं लागतं.

आता राहिलं तुमचं अर्धवट सोडलेलं 'ले मिझेराब्ल'. ते परत उचला पण पहिल्यापासून नको, 1815 च्या ऑक्टोबरात झाँ व्हाल्झाँ पायी दिन्य गावात येतो तिथून उघडा आणि परत वही घ्या. 19 वर्षांच्या कैदेतल्या मजुरीचे त्याच्या हिशोबाने 171 फ्रँक व्हायला हवेत, हातात पडतात 109 फ्रँक 15 सू. सुटल्यावर दुसऱ्याच दिवशी कुठेतरी ओझी उतरवायचं काम मिळतं, मजुरी 30 सू ठरलेली, त्याचा कैद्याचा पिवळा पास बघून मालक कमी देतो, आणि तक्रार केली तर म्हणतो तुला एवढे पुरे. बिशप त्याला चांदीच्या मेणबत्तीदाण्या देतो हे सगळ्यांना आठवतं, पण त्याच्यानंतर लगेच तो एका पोराच्या 40 सूंच्या नाण्यावर पाय ठेवून उभा राहतो, पोरगं रडत निघून जातं, आणि पाय उचलल्यावर खाली नाणं चमकताना दिसतं तेव्हा हा माणूस खरा हलतो. चांदीपेक्षा ते 40 सू जड आहेत.

आणि वॉटर्लू. 19 प्रकरणं आहेत लढाईची, ह्यूगो तेव्हा नेपोलियन तिसऱ्याच्या राजवटीमुळे देशाबाहेर गर्नसी बेटावर होता आणि त्याला त्या पराभवावर सगळं बोलायचं होतं. पहिल्या वाचनात अठरा सोडा, कुणी विचारणार नाही. पण एकोणिसावं सोडू नका. रात्र झालीय, रणांगणावर प्रेतांचे ढीग, आणि एक माणूस खिसे चाचपत फिरतोय. एका अधिकाऱ्याच्या अंगावरचं चांदीचं पदक, घड्याळ, पाकीट तो काढून घेतो, तेवढ्यात तो अधिकारी शुद्धीवर येतो. त्याला वाटतं याने मला वाचवलं. तो म्हणतो माझ्या खिशात घड्याळ आणि पाकीट आहे, ते तुम्ही घ्या. चोर खिसे चाचपल्याचं नाटक करतो आणि म्हणतो, काही नाही आत. अधिकारी त्याचं नाव विचारून घेतो, तेनार्दिए. हे उपकार फेडायचे असं तो मरताना मुलाला लिहून ठेवतो, आणि तो मुलगा म्हणजे मारियुस, पुढची कित्येक पानं हे न घेतलेलं कर्ज डोक्यावर घेऊन फिरतो. तुम्ही जिथे पुस्तक मिटलंत तिथून हे थोडीच पानं पुढे होतं.